मासा, एक नग, रंग निळा

संशय घेणं हा माझा स्वभाव आहे, असं आमच्या हिचं म्हणणं आहे. ते साफ खोटं आहे. संशय घेणं ही माझी नोकरी आहे. लोणावळा स्टेशनच्या पार्सल ऑफिसात बावीस वर्षं काढलेल्या माणसाने संशय घ्यायचा नाही तर काय गजरे गुंफायचे? तुपाचा डबा वाटेत हलका होतो. करंडीत गवत वाढतं आणि आंबे कमी होतात. विचारायला जावं तर जो तो नुकताच काशीहून आल्यासारखं तोंड करतो. पण माझ्या हातून बावीस वर्षांत एक नग हरवला नाही की बदलला नाही. हे मी बढाई म्हणून सांगत नाही. रजिस्टरं आहेत, कोणीही येऊन पाहावीत.

त्या बावीस वर्षांना १९३६ सालच्या डिसेंबरात एका माशाने सुरुंग लावला.

मासा डॉब्सनसाहेबांचा. हे आमच्या लाइनीवरचे इंजिनिअर, एकटा जीव, मोठा बंगला. सयाम देशातला लढाऊ मासा त्यांनी कलकत्त्याहून मागवला होता आणि तो पार्सलाने आला तेव्हा मी स्वतः मांडीवर धरून टांग्यातून बंगल्यावर पोचवला होता. ते त्यांनी लक्षात ठेवलं. डिसेंबरच्या मध्याला नाताळाच्या सहा आठवड्यांच्या रजेवर निघाले तेव्हा काचेची रुंद तोंडाची बरणी घेऊन थेट माझ्या टेबलापाशी आले आणि म्हणाले, "पोंक्षे, सगळ्या लोणावळ्यात माझा विश्वास फक्त तुमच्यावर."

दुसरा एखादा हे ऐकून विरघळला असता. माझ्या मनात पाल चुकचुकली. मी म्हटलं, "साहेब, रीतसर पावती करू." साहेब हसले. मी हसलो नाही. दोन प्रती केल्या. 'मासा, एक नग, जिवंत. रंग निळा. शेपटी तांबडी. पंखांच्या कडा शाबूत. स्थिती चांगली.' खाली त्यांची सही, माझी सही. एक प्रत त्यांच्या खिशात, एक माझ्या. साहेबांनी त्याच्या खाण्याचंही एका चिटोऱ्यावर लिहून दिलं. डासांची पिल्लं, रोज पाच-सहा.

घरी हिने बरणीकडे पाहिलं आणि पदर नाकाला लावला. "सोवळ्याच्या घरात मासा?"

"खायचा नाही, सांभाळायचा आहे," मी म्हटलं.

"म्हणजे आणखीच वाईट. खाल्ला असता तर पाप एकदाच लागलं असतं."

बरणी बाहेरच्या खोलीत खिडकीजवळच्या टेबलावर ठेवली. रेल्वेच्या चाळीत बातमी पसरायला तार लागत नाही. तासाभरात अर्धी चाळ येऊन गेली. लोक म्हणायचे, बघायला आलो. असेलही. पण माझा बावीस वर्षांचा अनुभव असा की मासा बघायला आलेला माणूस पाच मिनिटं बघतो. सहावं मिनिट लागलं की त्याचा हेतू वेगळा.

तेव्हा बंदोबस्त करणं आलं. मी दिवसभर ऑफिसात. ही चुलीपुढे, बाहेरच्या खोलीकडे पाठ करून. मी अशी योजना केली की बरणीच्या मागे एक आरसा तिरका उभा करायचा, म्हणजे स्वयंपाकघरातून नुसती मान वळवली की बरणी, दार, आत येणारा माणूस, सगळं दिसावं.

ही म्हणाली, "मान वळवली की खोलीच दिसते ना. मग आरसा कशाला?"

बायकांना बंदोबस्तातलं कळत नाही.

प्रश्न आरशाचा होता. आमच्या घरातला आरसा म्हणजे हिच्या फणेरपेटीतला, तळहाताएवढा. मी स्वतः एक दिवसाआड न्हाव्यापुढे बसणारा. पण शेजारच्या खोलीत रखमाजी राहत असे. हा परंदवडीचा, स्टेशनच्या फाटकावर तिकिटं गोळा करायचा. त्याच्याकडे पितळी चौकटीचा चांगला हातभर आरसा होता. पहाटेच्या गाडीला याची ड्यूटी, त्या वेळी न्हावी कुठला उघडा असणार, आणि आमच्या स्टेशनमास्तरांना फाटकावरचा माणूस गुळगुळीत लागे. म्हणून तो दाढी घरीच करी. मी मागितला तेव्हा त्याने खिळ्यावरचा आरसा काढून सदऱ्याने पुसून दिला.

"न्या की तात्या. दोन दिसांनी द्या म्हंजी झालं."

आरसा लागला आणि मासा खुलला. गालफडं फुगवी, पंख पसरी, शेपटी पंख्यासारखी उघडून बरणीत इकडून तिकडे झेपा घाली. सकाळपासून दिवे लागेपर्यंत हाच उद्योग. मी हिला म्हटलं, "बघ, परक्याच्या घरात जीव कसा रमलाय." साहेबाचा मासा साहेबासारखाच, आरशापुढून हलत नाही.

आठवड्याभरात तो फिका पडू लागला. आधी शेपटीचा तांबडा गेला. मग अंगाचा निळा उतरत उतरत धुऊन विटलेल्या लुगड्यासारखा झाला. दहाव्या दिवशी मी पावती घेऊन बरणीपुढे बसलो. नग एक, बरोबर. जिवंत, बरोबर. रंग निळा. मी मान वर केली. बरणीत राखाडी मासा होता, तळाशी बसून धापा टाकणारा.

माल आणि पावती यांत फरक. साहेब येणार, खिशातली प्रत काढणार, एकदा कागदाकडे बघणार, एकदा बरणीकडे, आणि म्हणणार, पोंक्षे, माझा मासा कुठे आहे? पोंक्षे चोर. बावीस वर्षांच्या नोकरीवर हा शेवटचा शेरा. मला त्या दिवशी जेवण गेलं नाही.

मासा रंग टाकतो हे मला पटेना. लुगडं विटतं, भिंत विटते, जिवंत प्राणी कसा विटेल? आपली गाय कधी विटली आहे? मला एकच उलगडा दिसत होता. मासा बदलला होता.

दरम्यान सल्ल्यांना तोटा नव्हता. भांडी घासायला येणारी धोंडाबाई म्हणाली, "दिष्ट लागलीया. सारी चाळ ढुंकून गेली, लागनार न्हाई तर काय." तिने मीठमोहऱ्या-मिरच्या ओवाळून चुलीत टाकल्या. आम्ही तिघंही संध्याकाळपर्यंत खोकलो. माशाला काही झालं नाही. दवाखान्यातला अंबाजी कंपाउंडर म्हणाला, "रक्त कमी झालंय," आणि लोहाच्या औषधाची बाटली देऊ लागला. मी ती हुंगून परत केली, कारण फुकट औषध देणाऱ्या कंपाउंडराचा मला आधीपासून संशय आहे. आमच्या हिचं म्हणणं, बरणी मळकट असणार. ती रोज सकाळी राखेने आणि चिंचेने बरणी लख्ख घासून नळाचं ताजं पाणी भरी. डिसेंबरातलं लोणावळ्याचं नळाचं पाणी म्हणजे काय ते ज्याने त्यात हात घातलाय त्यालाच माहीत.

खाण्याचा प्रश्न तर सरकारदरबारी गेला. डासांच्या पिल्लांसाठी मी घरामागे एका फुटक्या टबात पाणी साठवलं होतं. पिल्लं छान धरली. एके दिवशी म्युनिसिपालटीचा सॅनिटरी इन्स्पेक्टर वही घेऊन हजर.

"हे काय?"

"पाणी."

"पाण्यात काय आहे?"

"डासांची पिल्लं."

"कोणाची?"

"डासांची."

"मालक कोण, असं विचारतोय."

"मी."

त्याने ते लिहून घेतलं. "जाणूनबुजून पाळली आहेत?"

"साहेबांच्या माशासाठी."

"डास पाळण्याचा परवाना दाखवा."

"असा परवाना मिळतो?"

"मिळत नाही."

"मग मागता कशाला?"

"तुमच्याकडे नाही म्हणून. असता तर तुम्हीच दाखवला असता."

यावर सरकारी नोकर म्हणून मला बोलता येईना, कारण पार्सल ऑफिसात मी स्वतः हेच करतो. त्याने टबात रॉकेल ओतलं आणि माझ्या हातात नोटीस दिली. 'त्र्यं. ना. पोंक्षे यांनी आपल्या परसात डासांची हेतुपुरस्सर पैदास केली.' माझ्या नावापुढे आजवर कोणी 'पैदास' हा शब्द लिहिला नव्हता. त्या दिवसापासून माशाला भिजवलेल्या पोह्यांचा कण घालू लागलो. तो त्याकडे ढुंकून बघेना.

पण इन्स्पेक्टरला सांगितलं कोणी? टब दिसेल अशी खिडकी एकच होती, रखमाजीची.

इथून माझ्या डोक्यात चक्रं फिरू लागली. रखमाजी रोज संध्याकाळी ड्यूटीवरून सुटला की आमच्याकडे येई. बस म्हटलं तर बसत नसे. बरणीपाशी जाऊन उभा राही, बरणीकडे टक लावून बघे, हनुवटी चोळी, "थंडी लय हाय औंदा" असं म्हणे, एक सुस्कारा सोडी आणि निघून जाई. पाच मिनिटं नव्हे, चांगली दहा. शिवाय त्याने दाढी वाढवायला घेतली होती. ज्या माणसाच्या गालावर दहा वर्षांत खुंट दिसला नाही, तो दाढी कशासाठी वाढवतो? वेषांतरासाठी. मग एके दिवशी त्याच्या गालावर दोन ताजे ओरखडे दिसले. मी रात्री पांघरुणात उठून बसलो. मासा चावला असणार. जातच लढाऊ, सहजासहजी हाती थोडाच लागला असेल.

ही म्हणाली, "अहो, पण बदलायला दुसरा सयामी मासा त्याने आणला कुठून? परंदवडीच्या ओढ्यात मिळतो काय?"

मी म्हटलं, "गुन्हेगारांचे मार्ग तुला मला कसे कळणार?"

मी स्टेशनमास्तरांच्या नावे अर्ज लिहिला. 'सदर इसम रखमाजी याने माझ्या ताब्यातील मासा अदलाबदल करून लांबवल्याचा दाट संशय असून त्यास नोकरीवरून दूर करून चौकशी व्हावी.' सुवाच्य अक्षर, खाली सही. घडी घालून कोटाच्या खिशात ठेवला. आता फक्त पंच हवा होता.

इंदुरीचा भिमाजी भोई इंद्रायणीतले मासे घेऊन आठवडी बाजाराला लोणावळ्यास येई. त्याच्या पाट्या माझ्याच हाताखालून जात. मी त्याला म्हटलं, "भिमाजी, तुला एका माशाची ओळख पटवायची आहे."

"मेल्याली का जित्याची?"

"जिवंत. तो मूळचा की दुसरा, एवढंच सांगायचं."

"मूळचा म्या बगितल्याला न्हाई, तात्या."

"म्हणूनच. तू तटस्थ आहेस."

मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. भिमाजीला त्याच्या पाटीसकट परसात बसवलं, कारण ही त्याला घरात घेईना. मी कपाटामागे उभा राहिलो. ऊन उतरायच्या सुमारास रखमाजी आला. इकडे बघितलं, तिकडे बघितलं. कोणी नाही असं वाटून त्याने हळूच बरणीच्या दिशेने हात लांबवला. मी झडप घालून मनगट धरलं. आम्ही दोघं, खुर्ची आणि माझा कोट एकदमच खाली आलो. खिशातले कागद खोलीभर झाले.

"सापडलास," मी म्हणालो.

रखमाजीच्या हातात मासा नव्हता. आरसा होता.

"तात्या, चोरी न्हाई करत," तो खाली बसूनच म्हणाला. "म्हनलं दाढी उरकावी आन् हुता तितं ठिवावा. रोज मागायला येतुया, पर त्वांड उघडत न्हाई. तुमी आदीच काळजीत. दोन दिस म्हनलं हुतं, सोळा झालं. मास्तरनं मला फाटकावरनं काढून मालधक्क्यावर घातलंय. जेवायच्या पितळीत बघून दाढी केली, तर ह्ये असं कापलं."

ताकाला जाऊन भांडं लपवणारे मी पुष्कळ पाहिलेत. पण मागायचं ताक आपलंच असूनही भांडं लपवणारा हा पहिलाच. तरीही नोकरी ती नोकरी. मी विचारलं, "मग खरा मासा कुठे आहे?"

एव्हाना आवाज ऐकून भिमाजी परसातून दारात आला होता. त्याने बरणीत डोकावलं. रखमाजीच्या हातातला आरसा घेऊन बरणीमागे धरला. तळाशी मरगळून पडलेला मासा ताडकन उठला आणि गालफडं फुगवून झेपावला. आरसा काढला, मासा पुन्हा तळाशी. भिमाजीने असं दोनदा केलं आणि मिशीतल्या मिशीत हसला.

"तात्या, मासा बदलल्याला न्हाई. दुसरा मासा हाय खरा, पर त्यो ह्या आरशात हाय. ह्येला वाटतंय, आपल्या घरात कुनीतरी घुसलंय. सोळा दिस सकाळधरनं सांजपातूर भांडतुया बिचारा. पानी गारठ्याचं, ते बी रोज नवं, पोटात काय न्हाई. मानूस आसता तर कवाच निजला आसता. रंग कुटनं ऱ्हाईल?"

आमची ही स्वयंपाकघराच्या दारातून, आरशाशिवायच, सगळं बघत होती. आपल्या घरात कोणीतरी घुसलंय असं वाटून दिवसभर भांडणारा प्राणी या खोलीत एकटा मासाच नव्हता, हे तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलेलं होतं. काखेत कळसा आणि गावाला वळसा. मला लाज वाटली, आणि ती लपवायला मी विखुरलेले कागद गोळा करू लागलो.

भिमाजीने सांगितलं तसं केलं. बरणी खिडकीजवळून काढून स्वयंपाकघरात, चुलीपासून हातभर दूर, उबेच्या फळीवर गेली. सोवळ्याचं काय झालं ते मी विचारलं नाही आणि हिने सांगितलं नाही. पाणी आदल्या दिवशी भरून घरात ठेवलेलं, तेही थोडंच बदलायचं. देशी बदामाचं एक वाळकं पान आत टाकायचं. आणि बघायला कोणी यायचं नाही, मी सुद्धा नाही. हे शेवटचं पथ्य सगळ्यांत अवघड गेलं.

डासांच्या पिल्लांचा प्रश्न रखमाजीने सोडवला. स्टेशनवरच्या आगीच्या लाल बादल्यांत ती बुजबुजलेली होती, आणि रेल्वेच्या हद्दीत म्युनिसिपालटीला हात घालता येत नाही. गुळगुळीत दाढी केलेला रखमाजी फाटकावर परत गेला होता. रोज सुटला की द्रोणातून पाच-सहा पिल्लं आणून देई. तो अर्ज फाडून टाकावा म्हणून मी खिसा पाहिला, तर तो नव्हता. हिने रद्दी समजून चुलीत घातला असेल असं धरलं, आणि आयुष्यात प्रथमच एका गोष्टीचा छडा लावला नाही.

तीन आठवड्यांत रंग परतला. नुसता परतला नाही, मोरपिसासारखा चढला. शेपटी कुंकवासारखी लाल. जानेवारीच्या अखेरीस साहेब गाडीतून उतरले तेव्हा मी बरणी घेऊन फाटकापाशीच उभा होतो, हातात पावती.

साहेबांनी बरणी उजेडात धरली. त्यांचं हसू मावळलं.

"पोंक्षे, हा माझा मासा नाही."

"साहेब?"

"माझा मासा म्हातारा, मंद रंगाचा. हा तरणाताठा आहे. माझा मेला असेल तर तसं सांगा, मी रागावणार नाही. पण दुसरा आणून ठेवणं बरं नव्हे."

फाटकातून उतारू थांबून बघत होते. मी पावती पुढे केली. "रंग निळा, साहेब. कडा शाबूत. इथे लिहिलंय, तुमची सही आहे."

"लिहिलंय ते कुठल्याही माशाला लागू पडतं," साहेब म्हणाले.

ते खरं होतं. बावीस वर्षं मी ज्या कागदाच्या जोरावर लोकांना चोर ठरवत आलो, त्याच्यात मला वाचवेल असा एक शब्द नव्हता.

तेवढ्यात तिकिटं गोळा करता करता रखमाजी पुढे झाला. टोपी काढून म्हणाला, "साहेब, ह्योच मासा हाय. डाव्या पंखाला खाली बारकी चीर बघा, तांदळाच्या कणीयेवढी. शेपटीवर न्हवं, पंखाला. सोळा दिस ह्येच्यासंगं मी एकाच आरशात त्वांड बगितलंय. मी वळखतो."

साहेबांनी बरणी फिरवली. बराच वेळ बघितलं. "कलकत्त्याहून येताना पेटीतला खिळा लागला होता," ते हळूच म्हणाले. "मी विसरलोच होतो." मग त्यांनी माझा हात हातात घेऊन माफी मागितली, पावतीवर 'माल मिळाला' असं लिहून सही केली आणि बरणी छातीशी धरून टांग्यात बसले.

कडा शाबूत, असं मी लिहिलं होतं. चीर माझ्या घरात दीड महिना होती आणि मला दिसली नव्हती.

गाडी गेली, फाटक रिकामं झालं. मी रखमाजीला म्हटलं, "रखमाजी, तू आज माझी अब्रू राखलीस. मी तुझ्याबद्दल..."

"ऱ्हाऊ द्या, तात्या," तो म्हणाला. कोटाच्या आतल्या खिशातून त्याने एक घडी केलेला कागद काढला. घडी माझ्या ओळखीची होती. "त्या दिशी तुमच्या खोलीत पडला हुता. माझं नाव दिसलं म्हनून उचलला. वाचला बी. इतके दिस द्यायला त्वांड हुईना. तुमचा कागद, तुमच्यापाशी बरा."

म्हणजे महिनाभर तो अर्ज खिशात ठेवून त्याने रोज संध्याकाळी माझ्या माशासाठी द्रोण आणला होता. डोळ्यांत पाणी आलं, ते मी थंडीवर ढकललं.

"पावती द्या की," रखमाजी म्हणाला. "उद्या तुमीच म्हनाल, अर्ज गेला कुटं."

तो हसत होता. मी ऑफिसात गेलो, पावती-पुस्तक काढलं आणि लिहिलं, 'अर्ज, एक नग, परत मिळाला.' पुढे 'स्थिती' असा छापील रकाना आहे. बराच वेळ टाक हातात धरून बसलो, आणि बावीस वर्षांत प्रथमच तो रकाना कोरा सोडून खाली सही केली.